लुई मालचा कॅमेरा कुणाकुणाला बोचला

१९७० साली भारत सरकारने बीबीसीला दिल्लीतलं कार्यालय बंद करायला लावलं. पुढे १९७२ पर्यंत ते बंदच राहिलं. भांडणाचं मूळ एखाद्या बातमीत नव्हतं. एका फ्रेंच दिग्दर्शकाने आपल्या देशात चार महिने भटकून केलेली सात भागांची मालिका बीबीसीने दाखवायला घेतली होती. ब्रिटनमधले भारतीय ती पाहून चिडले. दिल्लीने निषेध नोंदवला, प्रक्षेपण थांबवा म्हणून सांगितलं. बीबीसीने ऐकलं नाही. मालिकेचं नाव 'लँद फाँतोम', म्हणजे इंग्रजीतलं 'फँटम इंडिया', आणि दिग्दर्शक लुई माल.

तक्रार आपल्या चांगल्या ओळखीची आहे. बाहेरचे येतात, आमची गरिबी टिपतात आणि जगभर दाखवत सुटतात. दहा वर्षांनी राज्यसभेत नर्गिस दत्त यांनी हाच ठपका सत्यजित राय यांच्यावर ठेवला. म्हणजे माल चांगल्या पंगतीत बसला होता. पण त्याच्यावर उखडलेलं दिल्ली हे एकटंच सरकार नव्हतं. अमेरिकेतल्या ओहायो राज्यातले सरकारी वकील, टेक्ससमधल्या डॅलस शहराचं चित्रपट मंडळ, फ्रान्समधले डावे आणि उजवे असे बरेच जण वेगवेगळ्या वेळी त्याच्यावर बिथरले. गंमत अशी, की हा माणूस आरडाओरडा करणारा नव्हता. घोषणा देणारा चित्रपट त्याने कधी काढला नाही. आरोपीच्या पिंजऱ्यात कुणाला उभं करायचं नाही, फक्त जवळ जाऊन पाहत राहायचं, ही त्याची रीत. आणि बहुतेकदा लोकांना बोचली ती तीच.

माल जन्मला ३० ऑक्टोबर १९३२ रोजी, उत्तर फ्रान्समधल्या त्युमेरी गावी. आईकडचं बेगँ घराणं साखर कारखानदारांचं, फ्रान्समधल्या गडगंज घरांपैकी एक. आपल्याकडे साखरसम्राट हा शब्द ज्या अर्थाने वापरतात, तसंच काहीसं. पैशाची ददात नसल्यामुळे पुढे स्वतःची निर्मितीसंस्था चालवणं, मनात येईल तेव्हा कथापट सोडून माहितीपटाकडे वळणं त्याला परवडलं. घरच्यांच्या इच्छेखातर तो राज्यशास्त्र शिकायला गेला आणि तिथून सटकून पॅरिसच्या 'इदेक' या चित्रपट प्रशिक्षण संस्थेत दाखल झाला. तिथे एक दिवस समुद्रसंशोधक जाक कुस्तो एखादा विद्यार्थी मदतीला मिळतो का, हे बघायला आला. माल एका उन्हाळ्यापुरता म्हणून त्याच्या 'कॅलिप्सो' जहाजावर चढला आणि तिथलाच होऊन बसला.

'ल मोंद द्यू सिलाँस' हा त्यांचा समुद्रतळावरचा माहितीपट १९५६ मध्ये कान महोत्सवात सर्वोच्च ठरला. पाठोपाठ ऑस्करही मिळालं. सहदिग्दर्शक म्हणून कुस्तोच्या नावाशेजारी नाव झळकलं तेव्हा माल तेवीस वर्षांचा होता. आज तो माहितीपट बघताना मधेच अंगावर काटा येतो. मासे मोजण्यासाठी प्रवाळात सुरुंग लावलेला दिसतो. जहाजाच्या पंख्यात सापडून देवमाशाचं पिल्लू मरतं, आणि त्याच्याभोवती जमलेल्या शार्कांना खलाशी सूड घेतल्यासारखे ठार करतात. पर्यावरणाचे धडे अजून कुणी गिरवलेले नव्हते, त्या काळातलं हे चित्रीकरण. कॅमेऱ्याने यातलं काहीच लपवलं नाही.

त्यानंतर माल दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँकडे काही काळ सहायक होता. पाण्याखाली मासे टिपून आलेल्या या मुलाला आता माणसांबरोबर काम शिकायचं होतं. १९५८ च्या सुरुवातीला त्याचा पहिला कथापट आला, 'असांसर पूर लेशाफो'. प्रेयसीच्या नवऱ्याचा खून करून निघालेला माणूस लिफ्टमध्ये अडकतो आणि बाहेर त्याची वाट पाहणारी प्रेयसी रात्रभर पॅरिसभर त्याला शोधत फिरते. ही प्रेयसी झाली झान मोरो. तोवर ती रंगभूमीवर नावाजलेली होती, पण चित्रपटात तिच्या चेहऱ्यावर रंगांचे थर आणि दिव्यांचे झोत असायचे. मालने आणि छायालेखक आंरी दके याने ते दोन्ही काढून टाकलं. लहान मुलाच्या बाबागाडीत कॅमेरा ठेवला आणि शाँझेलिझेवरच्या दुकानांच्या काचांतून येणाऱ्या उजेडात तिला नुसतं चालायला लावलं. रसायनशाळेतले तंत्रज्ञ ती रिळं धुवायलाच तयार होईनात, एवढ्या चांगल्या नटीचं हे असं वाटोळं कशाला करता म्हणून. अखेर रिळं धुतली गेली आणि झान मोरोचा तो चेहरा फ्रेंच चित्रपटाच्या इतिहासात कायमचा बसला.

संगीताची कथा तर अजूनच न्यारी. डिसेंबर १९५७ मध्ये जाझवादक माइल्स डेव्हिस पॅरिसमध्ये होता. मालने त्याला एका रात्री स्टुडिओत नेलं. सोबत चार वादक, समोर पडदा, पडद्यावर निवडक प्रसंग पुन्हा पुन्हा फिरत होते आणि डेव्हिस ते बघत बघत ट्रम्पेट वाजवत होता. लिहून आणलेलं जवळजवळ काही नव्हतं. पहाटेपर्यंत काम उरकलं. जाझ ऐकणारे लोक आजही ही तबकडी जपून ठेवतात, चित्रपट पाहिलेला असो वा नसो.

१९५८ मध्येच आलेल्या 'लेझामाँ' या चित्रपटाने मालला न्यायालयात नेलं, अर्थात परस्पर. घर-संसार सोडून एका रात्रीच्या ओळखीच्या माणसाबरोबर निघून जाणारी श्रीमंत बाई, आणि तिला ना शिक्षा, ना पश्चात्ताप. ओहायोतल्या एका थिएटरचा व्यवस्थापक निको जेकोबेलिस याला हा चित्रपट दाखवल्याबद्दल अडीच हजार डॉलर दंड झाला. खटला थेट अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात पोचला आणि १९६४ मध्ये जेकोबेलिस सुटला. न्यायमूर्ती पॉटर स्टुअर्ट यांनी निकालात लिहिलं, की अश्लीलतेची व्याख्या आपल्याला करता येत नाही, पण दिसली की ओळखता येते, आणि हा चित्रपट त्यात बसत नाही. कायद्याच्या विद्यार्थ्यांना हे वाक्य पाठ असतं. ते कुठल्या चित्रपटामुळे लिहिलं गेलं, हे त्यातल्या किती जणांना माहीत असतं कोण जाणे.

गोदार, त्र्युफो ही 'नुव्हेल व्हाग'ची, म्हणजे फ्रेंच चित्रपटातल्या नव्या लाटेची मंडळी याच सुमारास गाजायला लागली. पण माल त्यांच्या कंपूतला नव्हता. त्यांच्यासारखी समीक्षेतून आलेली मतं त्याच्याकडे नव्हती आणि ठरलेली शैलीही नव्हती. रेमों केनोच्या कादंबरीवरून त्याने 'झाझी दाँ ल मेत्रो' हा धुमाकूळ घालणारा विनोदी चित्रपट केला. 'ल फ फोले'मध्ये आत्महत्येच्या वाटेवर निघालेल्या माणसाचे शेवटचे दोन दिवस दाखवले. मग ब्रिजित बार्दो आणि मोरो यांना घेऊन मेक्सिकोत 'व्हिव्हा मारिया' हा क्रांतीचा तमाशा उभा केला. एका माणसाचे हे तीन चित्रपट आहेत, असं सांगावं लागतं. समीक्षकांनी यालाच त्याचं न्यून म्हटलं. मला ते काही पटत नाही. प्रत्येक वेळी पहिल्यापासून शिकायला बसणारा माणूस एका छापाचं काम करणारच कसा?

पण १९६७ पर्यंत तो खरोखरच कंटाळला होता. नट, संच, निर्माते, महोत्सव या सगळ्याचा वीट आला होता. त्या वर्षाअखेरीस फ्रान्सच्या परराष्ट्र खात्याने आठ नवे फ्रेंच चित्रपट घेऊन त्याला भारतात पाठवलं. तो आला, भारावला, गोंधळला, आणि जानेवारी १९६८ मध्ये कॅमेरा घेऊन पुन्हा आला. बरोबर दोघेच होते, छायालेखक एतिएन बेकर आणि ध्वनिमुद्रक जाँ-क्लोद लोरो. संहिता नाही, आराखडा नाही. वाटेत जे भेटेल ते टिपायचं आणि त्याचा अर्थ नंतर लावायचा. मेच्या सुरुवातीपर्यंत त्यांनी सुमारे तीस तासांचं चित्रीकरण केलं. त्यातून कोलकात्यावरचा एक स्वतंत्र चित्रपट निघाला आणि टेलिव्हिजनसाठी सात भाग, एकूण सहा तासांहून अधिक.

पहिल्याच भागाच्या सुरुवातीला सुशिक्षित भारतीय कॅमेऱ्यासमोर अस्खलित इंग्रजीत देशाविषयी बोलतात. थोड्याच वेळात मालचा आवाज सांगतो, की हे देशातले मूठभर लोक. नेहमी पाहुण्यांशी हेच बोलतात, म्हणून आपण आता यांना सोडून पुढे जाऊ. आणि खरंच पुढे कित्येक तास बाकीचा देश दिसत राहतो. या भागाचं शीर्षकच आहे 'अशक्य कॅमेरा'. शेतात राबणाऱ्या बाया काम थांबवून रोखून पाहतात. लोक वाट अडवून भिंगात डोकावतात. एरवी संकलनात अशा नजरा कापून टाकायचा शिरस्ता आहे. मालने आणि संकलक सुझान बारों हिने त्या जपून ठेवल्या. आम्ही तुम्हांला पाहतोय तसे तुम्हीही आम्हांला पाहताय आणि आम्ही इथे आगंतुक आहोत, ही कबुली मालिकाभर पुरते.

मग ती गिधाडं. मेलेल्या म्हशीवर तुटून पडलेला थवा कॅमेरा बराच वेळ पाहत राहतो. दिल्लीला जे झोंबलं त्यात हा प्रसंग असणारच. पण हाच कॅमेरा मद्रासमध्ये मंदिराच्या रथाचा दोर ओढणाऱ्या गर्दीत शिरतो, 'कलाक्षेत्र' संस्थेत भरतनाट्यम शिकणाऱ्या मुलींसमोर तितकाच वेळ थांबतो. निलगिरीतले तोडा, ओडिशातले बोंडा, कोचीनचे ज्यू असे भारतीयांनाही क्वचित भेटणारे लोक त्यात भेटतात. जातीवर एक अख्खा भाग आहे. शेवटचा भाग आपल्या मुंबईवर, खेड्यांतून आणि आश्रमांतून फिरून आल्यावर भेटणाऱ्या कारखान्यांच्या शहरावर.

या मालिकेत खोट नाही असं नाही. मालला इथली एकही भाषा येत नव्हती. काही ठिकाणी त्याला समोरच्या प्रसंगाचा अर्थ लागत नाही आणि मग तो स्वतःच्या गोंधळावरच बोलत बसतो, तेही जरा लांबण लावून. श्रीमंत युरोपीय माणसाला गरिबांच्या चेहऱ्यावर जी शांती दिसते, तिच्याकडे आपण संशयाने पाहिलेलं बरं. तरीही १९६८ मधला रस्ता, बाजार, शेत, देऊळ हे सगळं इतक्या संथपणे आपल्या फिल्म्स डिव्हिजननेही फारसं दाखवलं नव्हतं. भारताला सल्ला देणारं एकही वाक्य त्यात नाही. सरकारला कदाचित सल्लाच जास्त चालला असता. निदान त्याचं उत्तर तरी देता आलं असतं.

योगायोग बघा. माल भारतात चित्रीकरण करत होता तेव्हाच, २२ एप्रिल १९६८ रोजी, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या आणखी एका चित्रपटाचा निकाल दिला. डॅलसच्या मंडळाने 'व्हिव्हा मारिया' मुलांसाठी अयोग्य ठरवला होता. मंडळाचे निकष फारच मोघम आहेत म्हणून न्यायालयाने तो नियमच रद्द केला. मे महिन्यात माल पॅरिसला परतला तर तिथे विद्यार्थ्यांचं बंड पेटलेलं. कान महोत्सवात तो परीक्षक होता. रोमान पोलान्स्की, मोनिका व्हिती आणि टेरेन्स यंग यांच्यासह त्याने परीक्षकपद सोडलं आणि महोत्सव अर्धवट गुंडाळावा लागला.

भारताने आपल्याला काय दिलं, हे माल पुढे अनेकदा सांगत राहिला, पण ते त्याच्या १९७४ च्या 'लाकोम्ब, लुसिएँ'मध्ये जास्त स्पष्ट दिसतं. पटकथा त्याने तरुण कादंबरीकार पात्रिक मोदियानोबरोबर लिहिली. चाळीस वर्षांनी नोबेल मिळालं तोच हा मोदियानो. जून १९४४, नैर्ऋत्य फ्रान्समधलं छोटं शहर. लुसिएँ हा शेतकऱ्याचा अर्धवट शिकलेला पोरगा रुग्णालयात फरशा पुसतो आणि फावल्या वेळात गलोलीने पाखरं मारतो. जर्मनांविरुद्ध लढणाऱ्या भूमिगतांत जावं म्हणून तो शाळामास्तरांकडे जातो. मास्तर त्याला वय लहान म्हणून परत पाठवतात. परतताना सायकल पंक्चर होते, रात्र होते, आणि तो जर्मनांसाठी काम करणाऱ्या फ्रेंच गुंडांच्या हॉटेलात जाऊन पोचतो. ते त्याला दारू पाजतात, गोड बोलतात. बोलता बोलता तो मास्तरांचं नाव सांगून टाकतो. सकाळी मास्तर पकडले जातात. हा पोरगा आता बंदूक मिरवायला मोकळा.

तत्त्वासाठी नाही, द्वेषापोटीही नाही, पंक्चर झालेल्या सायकलीमुळे एक माणूस गद्दार होतो, हे फ्रान्सला सहन झालं नाही. जवळपास सगळा देश प्रतिकारात होता, ही युद्धानंतर जपलेली समजूत तेव्हा नुकती तडकायला लागली होती. मार्सेल ओफ्युल्सचा याच विषयावरचा माहितीपट फ्रेंच टेलिव्हिजनने १९८१ पर्यंत दाखवलाच नाही, एवढी ती समजूत नाजूक होती. मालला डाव्यांनी गद्दारांची वकिली केल्याबद्दल झोडपलं, उजव्यांनी जखमेवरची खपली काढल्याबद्दल. लुसिएँची भूमिका करणारा पियेर ब्लेझ नट नव्हता, त्याच भागातला साधा पोरगा होता. चित्रपट आल्यानंतर दीडेक वर्षातच तो मोटार अपघातात गेला.

वैतागून माल अमेरिकेला गेला, हे अर्धसत्य आहे. त्याला नवं काही पाहायचंही होतंच. तिथला पहिलाच चित्रपट 'प्रिटी बेबी' न्यू ऑर्लिन्सच्या वेश्यावस्तीत वाढणाऱ्या मुलीचा. ती भूमिका करणारी ब्रुक शील्ड्स स्वतः तेव्हा जेमतेम बारा वर्षांची होती. इथे मात्र मालची निवाडा न देण्याची रीत उघडी पडते. पडद्यावरच्या मुलीकडे कसं पाहायचं, हे प्रेक्षकावर सोडता येईल. पडद्यामागच्या खऱ्या मुलीची जबाबदारी सोडता येत नाही. शील्ड्सच्या लहानपणी तिच्या प्रतिमेचा बाजार कसा मांडला गेला, यावरचा २०२३ चा माहितीपट 'प्रिटी बेबी' हेच नाव घेऊन आला.

'अटलांटिक सिटी' (१९८०) ही त्या पर्वातली निर्विवाद कमाई. म्हातारा, बढाईखोर, किरकोळ गुंड झालेल्या बर्ट लँकेस्टरला त्यात बघावं. व्हेनिसचा सुवर्णसिंह आणि ऑस्करची पाच नामांकनं या चित्रपटाला मिळाली. त्याच वर्षी मालने अभिनेत्री कँडिस बर्गनशी लग्न केलं. पुढच्या वर्षीचा 'माय डिनर विथ आंद्रे' म्हणजे तर दोन माणसं उपाहारगृहात बसून दोन तासांच्या आसपास गप्पा मारतात, एवढंच. चित्रीकरण व्हर्जिनियातल्या रिचमंडमध्ये, बंद पडलेल्या हॉटेलात, ऐन थंडीत. जेवायला बसलेल्या त्या दोघांकडे पाहून तिथला गारठा मुळीच जाणवत नाही. त्यानंतरचे दोन कथापट साफ आपटले.

अशा वेळी टेलिव्हिजन पुन्हा कामाला आलं. १९७९ मध्ये अमेरिकेच्या सार्वजनिक वाहिनीसाठी तो मिनेसोटात मोठ्या दुकानसंकुलांवर माहितीपट करायला गेला होता. ते मनाला येईना. वाट सोडून ग्लेन्को नावाच्या छोट्या शेतकरी गावात थांबला आणि परसात काम करणाऱ्या एका म्हातारीशी बोलायला लागला. तिथून 'गॉड्स कंट्री' सुरू झाला. पण पैशाअभावी तो पडून राहिला. १९८५ मध्ये माल परत गेला तर गावाची रया गेलेली. कर्जं वाढली होती, मालाचे भाव पडले होते, जमिनी जात होत्या. सहा वर्षांपूर्वी हसत बोललेली तीच माणसं आता शब्द शोधत होती. विदर्भ-मराठवाड्यातल्या वाचकाला हा शेवटचा भाग भाषांतराशिवाय कळेल.

एक गोष्ट मात्र त्याने चाळीस वर्षं बाजूला ठेवली होती. जानेवारी १९४४ मध्ये अकरा वर्षांचा माल फाँतेनब्लोजवळच्या कॅथलिक वसतिगृहशाळेत होता. मुख्याध्यापक पेर जाक यांनी तीन ज्यू मुलांना खोट्या नावांनी शाळेत ठेवलं होतं. गेस्टापोला खबर लागली. मुलं आउशविट्झला गेली आणि परतली नाहीत. पेर जाक छळछावणीतून सुटले खरे, पण महिन्याभरात दगावले. १९८७ मध्ये मालने 'ओ रव्हार लेझांफां'मध्ये ते सारं मांडलं.

त्यातला वर्गातला प्रसंग पाहावा. गेस्टापोचा अधिकारी वर्गात येऊन ज्यू मुलाचं खरं नाव घेतो. कुणी हलत नाही. तो भिंतीवरच्या नकाशाकडे वळतो आणि मुलांनी दोस्तराष्ट्रांची आगेकूच दाखवायला टोचलेली निशाणं उपटायला लागतो. त्याची पाठ आहे असं समजून ज्युलिएँ, म्हणजे छोटा माल, क्षणभर आपल्या मित्राकडे बघतो. अधिकारी नेमका तेव्हाच वळतो, ती नजर पकडतो आणि सरळ मित्राच्या बाकापाशी जातो. तो मुलगा वह्या आवरतो आणि शेजारच्यांशी हस्तांदोलन करत निघतो. ही नजर प्रत्यक्षात घडलेली नव्हती, मालने ती रचली. खबर देणाराही पाहण्यासारखा आहे. काळ्या बाजाराबद्दल एकट्यालाच हाकलून दिलेला स्वयंपाकघरातला पोऱ्या, लुसिएँचा धाकटा भाऊ शोभावा असा. त्यालाही माल खलनायक करत नाही. शाळेतली श्रीमंत मुलं त्याच्याकडून जिन्नस घेत होती आणि ती मात्र सुटली, हे तो आधीच दाखवून ठेवतो. या चित्रपटाला व्हेनिसचा सुवर्णसिंह आणि फ्रान्सचे सात सेझार पुरस्कार मिळाले. आता कुणी चिडलं नाही. तोवर फ्रान्स बदलला होता.

शेवटचा चित्रपट 'व्हान्या ऑन फॉर्टी-सेकंड स्ट्रीट' १९९४ चा. नाट्यदिग्दर्शक आंद्रे ग्रेगरी काही नटांना जमवून चेकॉव्हच्या नाटकाची तालीम वर्षानुवर्षं करत होता, प्रयोग लावायचा असा कुठलाच बेत नसताना. माल ती टिपायला न्यूयॉर्कच्या पडीक न्यू अ‍ॅम्स्टरडॅम थिएटरमध्ये गेला. वरचे दोर उंदरांनी कुरतडल्यामुळे रंगमंच वापरता येईना, म्हणून नट खाली बसायच्या जागेतच उभे राहिले. सुरुवातीला ते रस्त्यावरून येतात, काहीबाही खातात, झोप नीट झाली नाही म्हणून कुरकुरतात. दोघांच्या अशाच गप्पा चालू असतात आणि थोड्या वेळाने लक्षात येतं, की नाटक सुरू होऊन गेलंय.

२३ नोव्हेंबर १९९५ रोजी लिम्फोमाने कॅलिफोर्नियात त्याचं निधन झालं, वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी. पुढच्या चित्रपटाची तयारी चालू होती. विषय होता मार्लिन डिट्रिश, हिटलरच्या जर्मनीकडे पाठ फिरवून अमेरिकेचं नागरिकत्व घेतलेली जर्मन नटी.